संस्थेचें भांडण आणि मास्तरांची नेमणूक

जून महिना सरत आलेला असतो. धानाच्या पऱ्ह्यांना पाऊस लागलेला असतो, मुलें नवीं पुस्तकें दप्तरांत घालून शाळेची वाट धरतात, आणि वैनगंगेच्या कांठच्या एखाद्या मोठ्या गांवांतील माध्यमिक शाळेच्या दर्शनी फळ्यावर त्या दिवशीं दोन नोटिसा लागलेल्या दिसतात. दोहोंवर नांव एकाच संस्थेचें, नोंदणीचा क्रमांकहि एकच. सह्या मात्र दोन निरनिराळ्या चिटणिसांच्या. पहिली नोटीस सांगते कीं, सर्व शिक्षकांनीं नेहमीप्रमाणें कामावर हजर व्हावें. दुसरी सांगते कीं, मागल्या कार्यकारिणीनें गेल्या दोन वर्षांत केलेल्या नेमणुका नव्या कार्यकारिणीस मान्य नाहींत, सबब त्या शिक्षकांनीं हजेरीपटावर सही करूं नये. त्या शिक्षकांत विज्ञान शिकविणाऱ्या एक बाई असतात. त्यांच्या परिवीक्षेचे चारच महिने उरलेले असतात. घरीं कर्जाचा हप्ता चालू असतो. फळ्यापुढें उभ्या राहून त्या दोन्ही नोटिसा वाचतात, आणि त्यांच्या मनांत एकच प्रश्न येतो : आपण नोकर कोणाचे?

हें चित्र कल्पनेचें आहे. त्यांत कोणा एका शाळेकडे बोट नाहीं. परंतु खाजगी शाळांशीं ज्या घरांचा संबंध आला आहे, त्यांना तें अनोळखी वाटणार नाहीं. संस्थाचालकांचे तंटे होतात, कज्जे चालतात, तडजोडी होतात आणि मोडतात. त्या सर्व काळांत वर्ग मात्र रोज भरवावा लागतो, आणि वर्गावर जो उभा असतो त्याच्या पोटाचा प्रश्न या तंट्याशीं नकळत बांधला जातो. त्याला कायद्याचा आधार कोणता आणि तो किती पक्का, हें समजून घेण्यासारखें आहे.

भंडारा जिल्हा १९५६ पर्यंत मध्यप्रदेशांत होता. त्या वर्षीं तो मुंबई राज्यांत आला आणि १९६० पासून महाराष्ट्रांत आहे. १९९९ सालीं गोंदिया वेगळा निघाल्यावर भंडारा, तुमसर, मोहाडी, पवनी, साकोली, लाखनी आणि लाखांदूर हे सात तालुके त्याच्याकडे राहिले. तांदुळाचा, पितळी भांड्यांचा आणि मँगॅनीजच्या खाणींचा हा मुलूख. प्राथमिक शिक्षणाचा भार येथें मुख्यतः जिल्हा परिषदेनें उचलला. माध्यमिक शिक्षणाचा मोठा वांटा मात्र, महाराष्ट्रांत इतरत्र झालें त्याप्रमाणेंच, स्थानिक मंडळींनीं काढलेल्या संस्थांनीं उचलला. अशा संस्थेची नोंदणी दुहेरी असते. १८६० च्या सोसायट्यांच्या कायद्याखालीं ती एक मंडळ म्हणून नोंदली जाते, आणि १९५० च्या सार्वजनिक विश्वस्त कायद्याखालीं एक विश्वस्त संस्था म्हणून. पुढें शाळेला अनुदान मिळालें, म्हणजे शिक्षकांचा पगार सरकारी तिजोरींतून येऊं लागतो. तरी नेमणुकीचें पत्र संस्थाच देते, आणि त्या नेमणुकीला मान्यता द्यावयाची कीं नाहीं हें जिल्हा परिषदेंतील शिक्षणाधिकारी पाहतात. नेमणारा एक, पगार देणारा दुसरा आणि तपासणारा तिसरा, अशी ही मांडणी आहे. सर्व सुरळीत चालतें तोंपर्यंत ती कोणाच्या ध्यानांतहि येत नाहीं.

भांडण सुरू होतें तें बहुधा सभासदांच्या यादीवरून. संस्थापकांची पिढी जाते. कोणाची वर्गणी भरली होती, कोणाची नव्हती, कोणत्या सभेला गणपूर्ति झाली होती, नोटीस सर्वांना पोंचली होती काय, यावर मतभेद होतात. मग एकाच महिन्यांत दोन वार्षिक सभा भरतात आणि दोन कार्यकारिणी निवडल्या जातात. शाळा विनाअनुदान असते तोंवर चिटणीसपद हें ओझें असतें. अनुदान सुरू झालें कीं त्याच ओझ्याचा मान होतो, ही गोष्ट येथें नोंदवून पुढें जावें हें बरें.

विश्वस्त कायद्याच्या २२ व्या कलमाप्रमाणें विश्वस्तांत झालेला कोणताहि बदल ९० दिवसांच्या आंत धर्मादाय कार्यालयाला कळवावा लागतो. या कळविण्यालाच लोक ‘चेंज रिपोर्ट’ म्हणतात. भंडाऱ्याच्या संस्थेचा असा बदल-अर्ज तेथील सहाय्यक धर्मादाय आयुक्तांच्या कार्यालयांत जातो. चौकशी होऊन तो मंजूर झाला म्हणजे नव्या विश्वस्तांचीं नांवें नोंदवहींत, म्हणजे बोलभाषेंतल्या ‘शेड्यूल वन’वर, चढतात. दोन्ही गटांनीं आपापला अर्ज टाकला आणि दुसऱ्याच्या अर्जाला हरकत घेतली, कीं चौकशी लांबते. तिच्या निकालावर अपील आहे, आणि अपिलावरहि पुढची पायरी आहे. २०१७ च्या दुरुस्तीनें बदल तात्पुरता स्वीकारून मग हरकती मागविण्याची सोय झाली; तरी जेथें हरकत खरोखरीची आहे तेथें चौकशी टळत नाहीं. मग या मधल्या काळांत कारभार कोणाचा? चेंबूर ट्रॉम्बे एज्युकेशन सोसायटीच्या प्रकरणांत मुंबई उच्च न्यायालयानें या शतकाच्या आरंभीं असें मत दिलें कीं, बदल घडतो तो निवडणुकीनें. बदल-अर्जाची मंजुरी ही त्या बदलाची पूर्वअट नव्हे. म्हणजे रीतसर निवडून आलेल्या मंडळींना मंजुरीची वाट पाहत हात बांधून बसण्याचें कारण नाहीं. तत्त्व योग्य आहे, परंतु तंट्यांत त्याचा उपयोग दोन्ही गट करतात. दोघेहि म्हणतात कीं आपण रीतसर निवडून आलों. दोघेहि ठराव करतात. दोघेहि नेमणुकीचीं पत्रें देतात आणि दुसऱ्याचीं रद्द करतात.

अशा स्थितींत जुन्या कायद्यानें शिक्षकाला फारसें कांहीं दिलें नसतें. धनी आणि चाकर यांमधील कराराविषयीं इंग्लिश कायद्याचें सूत्र असें, कीं एका माणसाला दुसऱ्याच्या चाकरींत न्यायालय बळानें ठेवीत नाहीं. चाकराला अन्यायानें काढलें असेल तर त्यानें नुकसानभरपाई मागावी आणि घरीं जावें. उत्तर प्रदेशांतील शामली येथील वैश्य डिग्री कॉलेजच्या प्राचार्यांना हाच अनुभव आला. त्यांच्या प्रकरणाचा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल १९७६ च्या निकालसंग्रहांत छापला गेला आहे. नोंदणी झालेली संस्था ही कायद्यानें जन्माला घातलेली संस्था नव्हे. सरकारी नोकर, औद्योगिक कामगार आणि वैधानिक संस्थेचा नोकर हे तीन अपवाद सोडले, तर नोकरी परत मिळवून देतां येत नाहीं, असें तेथें ठरलें. महाराष्ट्रांत त्या वेळीं माध्यमिक शाळा संहिता होती. पण ती शासनाच्या सूचनांची वही होती, कायदा नव्हता. तिच्या भंगासाठीं अनुदान कापतां येत असे. त्यानें शाळा गरीब होई. काढलेला शिक्षक शाळेंत परत येत नसे.

ही उणीव भरून काढण्यासाठीं महाराष्ट्र विधिमंडळानें खाजगी शाळांतील कर्मचाऱ्यांच्या सेवाशर्तींचा १९७७ चा कायदा केला. तो १५ जुलै १९८१ पासून अमलांत आला आणि त्याच्याखालचे नियमहि त्याच वेळीं आले. या कायद्याच्या व्याख्यांत एक छोटें वाक्य आहे, आणि आपल्या विषयाची किल्ली त्यांतच आहे. ‘व्यवस्थापन’ म्हणजे कोण? सरकारी शाळेचें सरकार, स्थानिक संस्थेच्या शाळेची ती स्थानिक संस्था. आणि इतर शाळांच्या बाबतींत, ती शाळा चालविणारी व्यक्ति अथवा व्यक्तींचा समूह. येथें ‘ज्यांचीं नांवें नोंदवहींत आहेत ते’ असें म्हटलेलें नाहीं. ‘जे शाळा चालवितात ते’ असें म्हटलें आहे. कायदा करणारांनीं हें संस्थेच्या तंट्यांकडे पाहूनच लिहिलें कीं सहज लिहिलें, हें सांगणें कठीण. परिणाम मात्र असा होतो कीं, शाळेचा प्रत्यक्ष कारभार पाहणारा जो कोणी असेल त्याच्यावर या कायद्याचीं सर्व बंधनें येऊन पडतात. ‘आम्ही अजून नोंदवहींत चढलों नाहीं, म्हणून आम्हांला नियम लागू नाहींत’ ही सबब त्याला सांगतां येत नाहीं.

या कायद्याच्या चौथ्या कलमाचें सहावें पोटकलम सांगतें कीं, या कायद्याच्या आणि नियमांच्या रीतीवांचून कोणाहि कर्मचाऱ्याला निलंबित करतां येणार नाहीं, बडतर्फ करतां येणार नाहीं, काढतां येणार नाहीं कीं खालच्या पदावर ढकलतां येणार नाहीं. रीत म्हणजे काय, हें नियमांत सविस्तर आहे. गैरवर्तनाचा आरोप असेल तर चौकशी-समिति नेमावी लागते. साध्या शिक्षकाच्या बाबतींत तिचे तीन सभासद असतात : एक व्यवस्थापनाचा, एक शिक्षकानें स्वतः निवडलेला, आणि एक राष्ट्रीय अथवा राज्य पुरस्कार मिळालेल्या शिक्षकांच्या यादींतून आलेला. मुख्याध्यापकाची चौकशी असेल तर संस्थेचा अध्यक्ष तींत स्वतः बसतो. संस्थेला दोन अध्यक्ष असले म्हणजे ही समिति कोणाची, असा प्रश्न पहिल्याच दिवशीं उभा राहतो, आणि पुढें अपिलांत समितीच्या घटनेवर पहिला हल्ला तेथूनच होतो. घाईनें उरकलेली चौकशी बहुधा अशाच ठिकाणीं कोसळते.

राजीनाम्याचें कलमहि येथें सांगण्यासारखें आहे. नेमणुकीच्या वेळींच कोऱ्या कागदावर सही घेऊन ठेवावयाची आणि वेळ येतांच त्यावर राजीनामा लिहावयाचा, ही चाल एके काळीं ठाऊक नव्हती असें नाहीं. सातव्या कलमानें म्हणून असें ठरविलें, कीं राजीनाम्याच्या दोन प्रती कराव्या, दोन्हींवर सही आणि तारीख घालावी, एक प्रत नोंदणी-टपालानें व्यवस्थापनाकडे पाठवावी आणि दुसरी स्वतःपाशीं ठेवावी. भांडणाच्या काळांत एखादा गट अचानक कोणाचा राजीनामा काढून दाखवूं लागला, तर पहिला प्रश्न टपालाच्या पावतीचा विचारला जातो.

आतां पुन्हा त्या विज्ञानाच्या बाईंकडे वळावें. त्या कायम झालेल्या नाहींत, परिवीक्षेवर आहेत. पांचव्या कलमाप्रमाणें कायम जागेवर नेमलेल्या माणसाची परिवीक्षा दोन वर्षांची असते. शिक्षण-सेवक म्हणून नेमणूक झाली असेल तर तीन वर्षांची. ती संपली कीं तो माणूस कायम झाला असें कायदाच मानतो. त्यासाठीं निराळ्या ठरावाची वाट पहावी लागत नाहीं. परिवीक्षेंत काम अथवा वर्तन असमाधानकारक असेल, तर एक महिन्याची नोटीस अथवा एक महिन्याचा पगार देऊन व्यवस्थापन त्याला दूर करूं शकतें. परंतु त्यासाठीं काम अथवा वर्तन असमाधानकारक असावें लागतें. ‘तुमची नेमणूक आमच्या विरोधकांनीं केली’ हें कामाचेंहि वर्णन नव्हे आणि वर्तनाचेंहि नव्हे. शिवाय संस्थेचा तंटा चालू आहे म्हणून परिवीक्षेचे दिवस थांबत नाहींत. बाई रोज वर्गावर जात राहिल्या, तर चार महिन्यांनंतर कायद्याच्या दृष्टीनें त्या कायम शिक्षिका होतात, मग संस्थेच्या कपाटाची किल्ली कोणापाशींहि असो.

पण त्यांना सहीच करूं दिली नाहीं तर? लेखी हुकूम न देतां, नुसतें ‘उद्यांपासून येऊं नका’ असें सांगितलें तर? नवव्या कलमानें अशा शिक्षकाला शाळा-न्यायाधिकरणाकडे अपील करण्याचा हक्क दिला आहे. त्या कलमाचे शब्द व्यापक आहेत : बडतर्फी, काढणें, ‘अथवा अन्य प्रकारें सेवा संपविणें’. तोंडी काढणें हेंहि या शेवटल्या शब्दांत येतें. मुदत मात्र ३० दिवसांची आहे. उशीर झाला तर तो सबळ कारणानें माफ होऊं शकतो, पण त्यावर विसंबून राहण्यांत शहाणपण नाहीं. अनेक शिक्षकांची फसगत नेमकी येथें होते. दोन्ही गट धीर देत असतात : निकाल आमच्या बाजूनें लागूं द्या, तुम्हांला पहिल्या दिवशीं परत घेतों. महिना जातो, सहा महिने जातात. संस्थेच्या कज्ज्याची तारीख पुढें ढकलली जाते आणि शिक्षकाची स्वतःची मुदत निघून गेलेली असते. संस्थेचा बदल-अर्ज आणि शिक्षकाचें अपील हे दोन निरनिराळे रस्ते आहेत. पहिल्यावर उभें राहून दुसऱ्याची गाडी मिळत नाहीं.

न्यायाधिकरणावर दिवाणी न्यायाधीश वरिष्ठ स्तर याच्याहून खालच्या दर्जाचा नाहीं असा न्यायाधीश बसतो. त्याला अपील-न्यायालयाचे अधिकार असतात. काढण्याच्या हुकुमाला तो निकालापर्यंत स्थगिति देऊं शकतो. अपिलाचा निकाल तीन महिन्यांत लावण्याचा प्रयत्न करावा, असेंहि कायद्यांत लिहिलें आहे. कायद्यांतले महिने आणि कचेरींतले महिने यांचें पंचांग वेगळें असतें, हें मात्र ज्यानें तारखा पाहिल्या आहेत त्याला सांगावें लागत नाहीं. न्यायाधिकरणाच्या निकालावर दुसरें अपील नाहीं; उच्च न्यायालयाच्या रिट-अधिकाराचा मार्ग तेवढा राहतो, आणि भंडारेकरांसाठीं तो नागपूरच्या खंडपीठाकडे जातो.

न्यायाधिकरणापुढें खरा व्यवस्थापक कोणता गट, हा प्रश्न अनेकदां सोडवावाच लागत नाहीं. काढण्याची रीत पाळली गेली काय, एवढेंच तेथें पाहावयाचें असतें. पहिल्या गटानें काढलें असो वा दुसऱ्या, नोटीस नाहीं, चौकशी नाहीं आणि असमाधानकारक कामाची नोंद नाहीं, तर ज्याला अधिकार होता त्याचा हुकूमहि टिकत नाहीं; ज्याला अधिकारच नव्हता त्याचा तर टिकण्याचा प्रश्नच नाहीं. म्हणून अपिलांत दोन्ही गटांना, मुख्याध्यापकांना आणि शिक्षणाधिकाऱ्यांना प्रतिपक्ष करणें हितावह असतें. मग कोणा गटाला ‘हा निकाल आम्हांला बांधीत नाहीं’ असें म्हणण्यास जागा उरत नाहीं.

याचा अर्थ नेमणुकीकडे कोणी पाहत नाहीं असा नव्हे. अण्णा पेठे यांच्या प्रकरणांत १९९७ सालीं मुंबई उच्च न्यायालयानें असें घालून दिलें कीं, न्यायाधिकरणानें आधीं कांहीं प्राथमिक मुद्दे ठरवावे; शाळा मान्यताप्राप्त आहे काय, आणि शिक्षकाची नेमणूक पांचव्या कलमाला धरून झाली होती काय, हे त्यांतले प्रमुख होत. जागा खरोखर रिकामी होती काय, जाहिरात झाली होती काय, पात्रता होती काय, आरक्षणाची बिंदुनामावली पाळली काय, अतिरिक्त ठरलेला शिक्षक उपलब्ध आहे काय हें शिक्षणाधिकाऱ्यांना विचारलें होतें काय, हीं सर्व कागदपत्रें येथें लागतात. आणि संस्थेचा तंटा मागल्या दारानें आंत येतो तो येथेंच. नेमणूक करणारी कार्यकारिणीच पुढें बेकायदा ठरली, तर तिनें दिलेलें पत्र रद्दी झालें काय?

या प्रश्नाचें उत्तर शाळेच्या कायद्याहून पुष्कळ जुनें आहे. इंग्लंडांत १४३१ सालीं एका मठाधिपतीचा खटला झाला. गादीवर बसलेल्या अधिपतीचा हक्क सदोष असला, तरी त्यानें मठासाठीं दिलेलें कर्जपत्र मठाला बांधील काय, अशा स्वरूपाचा तो वाद. हक्क सदोष असला तरी जो उघडपणें गादीवर बसून कारभार करतो, त्याच्याशीं व्यवहार करणाऱ्या तिऱ्हाइताला त्या दोषाची शिक्षा भोगावी लागूं नये, हा विचार तेथून चालत आला. इंग्रजी कायद्यांत त्याला ‘डी फॅक्टो’ तत्त्व म्हणतात. हिंदुस्थानांत कलकत्ता उच्च न्यायालयांत सर आशुतोष मुकर्जी यांनीं पुलिन बिहारी दास यांच्या खटल्यांत, १९१२ च्या सुमारास, त्याची विस्तारानें चर्चा केली. सर्वोच्च न्यायालयानें तें १९८१ सालीं गोकराजू रंगराजू यांच्या प्रकरणांत पुन्हा मांडलें. आंध्र प्रदेशांत कांहीं सत्र-न्यायाधीशांच्या नेमणुका रद्द ठरल्या होत्या. त्यांनीं शिक्षा दिलेले आरोपी म्हणूं लागले कीं, न्यायाधीशच खरा नव्हता तर शिक्षाहि खरी नाहीं. न्यायालयानें तें मानलें नाहीं. नेमणुकींत दोष निघाला तरी त्या पदावर असतांना, पदाच्या रंगाखालीं केलेलें काम टिकतें, असें त्यानें सांगितलें.

हाच विचार शाळेला लावला, तर निवडणूक होऊन जी कार्यकारिणी शाळेचा कारभार पाहत होती, जिच्या सहीनें पगारबिलें जात होतीं, जिच्याशीं शिक्षणाधिकारी पत्रव्यवहार करीत होते, तिनें कायद्याच्या रीतीनें केलेली नेमणूक ती कार्यकारिणी पुढें पदच्युत झाली एवढ्यावरून मरत नाहीं. उमेदवारानें जाहिरात वाचून अर्ज केला, मुलाखत दिली. संस्थेच्या सभेची गणपूर्ति मोजण्याचें काम त्याचें नव्हतें. परंतु या तत्त्वाला दोन कुंपणें आहेत, आणि तीं विसरून चालणार नाहीं. एक असें, कीं तें रक्षण करतें तें तिऱ्हाइताचें. अधिकार बळकावणाऱ्याचें नव्हे. गटाच्या पुढाऱ्यानें आपल्या मुलालाच नेमलें असेल, तर त्याला ‘मी अजाण तिऱ्हाईत’ असें म्हणणें जड जाईल. दुसरें असें, कीं अधिकाराचा निदान रंग तरी असावा लागतो. ज्याच्यापाशीं ना कारभार ना दप्तर, नुसता छापलेला लेटरहेड आहे, त्याच्या पत्राला हा आधार मिळत नाहीं. तसेंच धर्मादाय आयुक्तांनीं ४१ अ कलमाखालीं अथवा न्यायालयानें मनाई हुकूम देऊन नेमणुका करूं नका असें बजावलें असेल, तर त्यानंतरची नेमणूक फार पातळ बर्फावर उभी असते. उमेदवारानें पत्र घेतांना असा कांहीं हुकूम आहे काय, याची चौकशी धर्मादाय कार्यालयांत केली तर त्यांत संकोच वाटण्याचें कारण नाहीं. तेथील नोंदवही पाहावयास मिळते.

शिक्षणाधिकाऱ्यांची भूमिका या सर्वांत अवघड असते. दोन्ही गटांचे प्रस्ताव टेबलावर येतात, आणि ‘वाद प्रलंबित’ असा शेरा मारून दोन्ही बाजूला ठेवणें हा सर्वांत सोपा मार्ग असतो. विश्वस्त कोण हें ठरविण्याचा अधिकार धर्मादाय कायद्यानें त्यांना दिलेला नाहीं, हें खरें. पण मान्यता न मिळाल्यामुळें नेमणूकच अवैध झाली, असेंहि नाहीं. सेंट उलाई हायस्कूलच्या प्रकरणांत मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठानें हा मुद्दा निकालांत काढला; तो निकाल २००७ च्या संग्रहांत आहे. शिक्षणाधिकाऱ्यांची मान्यता ही वैध नेमणुकीची पूर्वअट नाहीं, असें तेथें ठरलें. मान्यतेचा संबंध मुख्यतः अनुदानाशीं आहे : मान्यता नसेल तर पगार सरकार देत नाहीं, तो संस्थेनें द्यावयाचा असतो. तत्त्वतः यानें शिक्षकाची नोकरी सुरक्षित झाली. व्यवहारांत मात्र ज्या संस्थेचें बँकखातें दोन गटांच्या भांडणानें गोठलें आहे तिच्याकडून पगार काढणें म्हणजे कोरड्या विहिरींतून पाणी शेंदणें होय. अशा महिन्यांत शिक्षकाच्या घरचा वाणी कायद्याचा निकाल वाचीत नाहीं.

दुसरी बाजूहि न्यायानें पाहिली पाहिजे. भांडणाच्या काळांत मागल्या तारखेचे ठराव लिहिले जातात. ठरावाचें पुस्तक एका गटाच्या घरीं असतें, आणि त्यांत कोरीं पानें असतात. शासनानें २ मे २०१२ रोजीं, अतिरिक्त शिक्षकांचें समायोजन होईपर्यंत नवी भरती थांबविली; तेव्हांपासून त्या तारखेच्या आधींची तारीख हीच एक किंमती वस्तु होऊन बसली. २०२५ सालीं नागपूर विभागांत बनावट ‘शालार्थ’ क्रमांकांचें प्रकरण उघडकीस आलें आणि त्याच्या चौकशींत भंडारा जिल्ह्याचेंहि नांव आलें. अशा प्रकरणानंतर कचेऱ्या प्रत्येक जुन्या कागदाकडे संशयानें पाहतात, आणि त्या संशयाचा पहिला चटका बसतो तो खऱ्या शिक्षकाला. म्हणून ज्याची नेमणूक खरी आहे त्यानें ती खरी असल्याचा पुरावा स्वतःपाशीं जमवावा : जाहिरातीचें कात्रण, मुलाखतीचें पत्र, नेमणुकीचा हुकूम, रुजू झाल्याचा अहवाल, हजेरीपटाच्या आणि सेवापुस्तकाच्या नकला, पहिल्या पगाराची बँकेंतील नोंद. ठराव मागल्या तारखेचा लिहितां येतो. बँकेची नोंद आणि टपालाचा शिक्का मागें नेतां येत नाहीं.

२०१७ पासून सुरू झालेल्या ‘पवित्र’ पोर्टलच्या पद्धतीनें या प्रश्नाचें रूप कांहींसें बदललें आहे. त्या वर्षाच्या डिसेंबरांत शिक्षक अभियोग्यता चाचणी प्रथमच झाली, आणि तिच्या गुणांवरून शासनाकडून उमेदवार पुढें येऊं लागले. खाजगी संस्थांना त्यांतून मुलाखतीनें निवड करावयाची असते. नेमणुकीचा पाया आतां चिटणिसाच्या सहीबरोबरच राज्याच्या गुणवत्ता-यादींतहि आहे. तेवढ्यानें तंटे मिटले नाहींत. जाहिरात कोणत्या गटानें द्यावयाची हा वाद शिल्लक राहतोच. परंतु अशा शिक्षकाला ‘तूं विरुद्ध पक्षाचा माणूस’ असें म्हणणें पूर्वीइतकें सोपें राहिलेलें नाहीं.

संस्थाच चालेनाशी झाली तर काय, याचीहि तरतूद आहे. धर्मादाय कायद्याखालीं विश्वस्तांना दूर करतां येतें, कारभाराची योजना ठरवितां येते. शाळेचें व्यवस्थापन मर्यादित काळापुरतें शासनाच्या हातीं घेण्यासाठीं १९७६ चा स्वतंत्र कायदाहि आहे. अहमदाबादच्या एका विश्वस्त संस्थेनें पगाराच्या वादांत आपलें कॉलेज बंद केलें, तेव्हां अध्यापकांच्या हक्काच्या रकमांसाठीं त्या खाजगी संस्थेवरहि रिट काढतां येतें, असें सर्वोच्च न्यायालयानें १९८९ सालीं सांगितलें. पुढें २००२ सालीं टी. एम. ए. पै प्रतिष्ठानच्या प्रकरणांत अकरा न्यायाधीशांच्या पीठानें संस्थाचालकांचें स्वातंत्र्य मान्य केलें. पण त्याच निकालांत, काढलेल्या शिक्षकाला दाद मागण्यासाठीं न्यायाधिकरण असावें असेंहि म्हटलें. महाराष्ट्राच्या शिक्षकाच्या हातीं तें तेव्हां वीस वर्षांपासून होतें.

उरला तो पैशाचा प्रश्न. समजा, विज्ञानाच्या बाईंचें अपील मंजूर झालें. न्यायाधिकरण त्यांना पूर्वपदावर घेण्याचा आणि मधल्या काळाचा पगार देण्याचा हुकूम देऊं शकतें. तो पगार द्यावयाचा कोणीं? पहिला गट म्हणतो, त्या वेळीं आम्ही नव्हतों. दुसरा म्हणतो, नेमणूक आमची नव्हती. अकराव्या कलमांत यावर एक उपाय आहे. शिक्षकाला देणें असलेली रक्कम संस्थेच्या अनुदानांतून कापून घ्यावी आणि परस्पर शिक्षकाला द्यावी, अशी शिफारस न्यायाधिकरण शासनाला करूं शकतें. म्हणून अपिलाच्या अर्जांत ही मागणी पहिल्यापासूनच स्पष्ट शब्दांत लिहावी लागते. वकील ती विसरले, तर बाईंनीं आठवण द्यावी. हुकूम न मानणाऱ्या व्यवस्थापनाला तेराव्या कलमाखालीं दंड अथवा कैद होऊं शकते, आणि तेथेंहि ‘व्यवस्थापन’ या शब्दाचा अर्थ तोच आहे : त्या दिवशीं जो शाळा चालवीत असेल तो.